निरोपाची ओळ

हिवाळ्यातल्या संध्याकाळी राहुलला आणायला मी लानच्या दारात उभी राहायचे तेव्हा साडेपाचलाच अंधारून आलेलं असायचं, आणि दार उघडताक्षणी माणसाच्या आधी सामोरा यायचा तो भाजलेल्या चक्रीफुलाचा वास. उष्ण, किंचित गोड, नाकात रेंगाळत राहणारा. त्याच्या मागोमाग दालचिनी, जाळावर धरून काळं केलेलं आलं आणि सकाळपासून मंद आचेवर शिजत ठेवलेल्या रश्श्याची वाफ. दिवसभर प्रयोगशाळेतल्या रसायनांनी बधिर झालेलं माझं नाक त्या उंबरठ्यावर जागं व्हायचं, आणि क्षणभर मी मॅसॅच्युसेट्समध्ये नसायचेच. नागपूरच्या आमच्या दोन खोल्यांच्या घरात, तव्यावर मटणाचा मसाला भाजणाऱ्या आईच्या मागे उभी असायचे. मग डोळे उजेडाला सरावायचे आणि दिवाणखान्यात टीव्हीसमोर जमिनीवर बसलेली दोन मुलं दिसायची, माझा सात-आठ वर्षांचा राहुल आणि त्याच्याच वयाची लानची मुलगी थाओ. दोघांचे ओठ हलत असायचे. पडद्यावर शिरस्त्राणं घातलेले वीर धुळीच्या लोटातून उड्या मारत असायचे आणि त्यांच्या पायांखालून, पडद्याच्या तळाशी, पिवळ्या अक्षरांच्या ओळी सरकत असायच्या. अक्षरं आपल्या ओळखीची, रोमनच, पण प्रत्येकाच्या डोक्यावर टोप्या, छत्र्या, ठिपके. "दोन मिनिटं, आई," राहुल मान न वळवता म्हणायचा, आणि मी बूट न काढता तिथेच थांबायचे. त्या दोन मिनिटांत मुलगा काय वाचतो आहे हे विचारावं, असं मला एकदाही वाटलं नाही.

लानशी आमची ओळख बुद्धामुळे झाली. अशोक आणि मी या गावात आलो तेव्हा आसपास आमचं असं विहार नव्हतं, आणि वैशाख पौर्णिमा घरच्या भिंतीवरच्या तसबिरीपुढे दोघांनीच मेणबत्ती लावून साजरी करायची हे अशोकला फार एकटं वाटायचं. तळ्यावरचा पूल ओलांडला की वूस्टर, आणि तिथे एका जुन्या लाकडी इमारतीत व्हिएतनामी लोकांनी आपलं मंदिर मांडलेलं आहे, असं कुणीतरी सांगितलं. बिचकतच गेलो. भाषा कळेना, बुद्धाची मूर्तीही वेगळ्या चेहऱ्याची. पण धुपाच्या धुरातून एका लयीत पठण सुरू झालं आणि त्यात 'नाम मो' हे शब्द पुन्हापुन्हा येऊ लागले. 'नमो'च तो, इतका प्रवास करून थोडा झिजलेला. अशोकने माझ्याकडे पाहिलं. त्याचे डोळे भरले होते. त्या दिवशी जेवणाच्या पंगतीत आम्हाला वाढणारी ठेंगणी, झपझप चालणारी बाई म्हणजे लान. तिने मोडक्या इंग्रजीत विचारलं, "लहान मुलगा शाळेतून आल्यावर कुठे राहतो?" मी रुग्णालयात पाचपर्यंत अडकलेली, अशोकचा कारखाना तासाभराच्या अंतरावर, आम्ही उत्तर शोधेपर्यंत तीच म्हणाली की माझ्याकडे राहील. तो पाच वर्षं राहिला.

त्या पाच वर्षांतल्या दुपारी मी कधी पाहिल्या नाहीत. त्यांची माहिती मला तुटकतुटक, पुष्कळ उशिरा मिळत गेली. डॉर्चेस्टरच्या एका व्हिएतनामी दुकानातून लान दर शनिवारी जपानी चित्रपटांच्या फिती भाड्याने आणायची. जपानमध्ये म्हणे दरवर्षी एक नवा वीर जन्माला येतो, त्याची स्वतंत्र मालिका, स्वतंत्र शहर, स्वतंत्र शत्रू. आणि मग कधीतरी असा एखादा चित्रपट निघतो की ज्यात शत्रू एकट्या कुणालाच आवरत नाही, आणि वेगवेगळ्या मालिकांतले, एरवी एकमेकांना ठाऊकही नसलेले वीर आपापल्या जगांतून निघून एका मैदानावर येतात. व्हिएतनाममधल्या एका अख्ख्या पिढीचं बालपण या वीरांनी व्यापलेलं होतं, आणि देश सोडून आलेल्यांनी ते वेड फितींबरोबर इथवर आणलं होतं. लान स्वतः काही वीरांची भक्त नव्हती. पण मुलांना वाचायला यावं म्हणून ती मागे बसून भाजी निवडतानिवडता तळाची ओळ मोठ्याने वाचायची, आणि मुलं तिच्या मागून म्हणायची. एक मुलगी स्वतःची भाषा शिकत होती. दुसरा मुलगा कुणाची भाषा शिकत होता?

मराठी आमच्या घरी होती, पण ती थकून घरी यायची. अशोक आणि मी आपसांत बोलायचो, राहुलशीही बोलायचो, तो इंग्रजीत उत्तर द्यायचा, आणि उशीर झालेला असायचा, गृहपाठ राहिलेला असायचा, म्हणून आम्हीही मग इंग्रजीकडेच वळायचो. किती सहज वळलो. मराठीचे वर्ग होते, आठवड्यातून एकदा, चाळीस मैलांवर. दोन महिने नेलं आणि सोडून दिलं. पुढे तो मोठा झाला, महाविद्यालयात गेला, मिशिगनमध्ये ट्रॉयला गाड्यांच्या संगणकप्रणालीच्या कामात स्थिरावला, आणि आमच्यामध्ये 'यू' नावाचं ते सपाट, सोयीचं सर्वनाम उरलं, जे आईला चालतं, बॉसला चालतं, पेट्रोलपंपावरच्या माणसालाही चालतं. 'आई' एवढा एक शब्द मात्र त्याने सोडला नाही. सहा वर्षांपूर्वी अशोक गेला. त्यानंतर राहुल दर रविवारी सकाळी फोन करू लागला. "हाय आई, हाउ आर यू?" थंडी किती, गुडघा कसा आहे, छपरावरचं बर्फ काढायला कुणाला बोलावलंस का. दहा मिनिटांत फोन संपायचा. फोन ठेवल्यावर मी कितीतरी वेळ खिडकीत बसायचे, आणि मला वाटायचं की माझ्या मुलाचं माझ्यावर प्रेम आहे हे मला ठाऊक आहे, पण ते मला कधी ऐकू येत नाही.

मागच्या सप्टेंबरात, मेपलची टोकं नुकती तांबूस होऊ लागली होती तेव्हा, थाओचा फोन आला. लानला पक्षाघाताचा झटका आला होता. मी धावत गेले. उजवा हात निर्जीव, चेहरा एका बाजूला किंचित ओघळलेला, आणि शब्द गेलेले. मेंदूच्या डाव्या बाजूचा जो भाग तिच्यात विझला होता त्याचे पातळ काप मी आयुष्यभर सूक्ष्मदर्शकाखाली पाहिले आहेत, त्यांच्यावर अहवाल लिहिले आहेत. पण ज्या बाईचा तो भाग आहे तिच्या उशाशी बसायची माझी कधी वेळ आली नव्हती. चार दिवसांनी शब्द थोडे परतले, पण फक्त व्हिएतनामी. चाळीस वर्षं कष्टाने मिळवलेलं इंग्रजी पार पुसून गेलं होतं. ते जसं आलं तसं गेलं, शेवटी आलेलं आधी गेलं. मी तिच्याशी बोलायचे आणि ती माझ्याकडे अशा नजरेने पाहायची की जणू मी काचेच्या पलीकडे उभी आहे. तीस वर्षांची आमची मैत्री ज्या भाषेत होती ती भाषाच आता दोघींमध्ये नव्हती.

मग तिला पुनर्वसन केंद्रात हलवलं, आणि पुढच्या शुक्रवारी राहुल आला. मी बोलावलं नव्हतं. थाओने कळवलं होतं. विमानतळावरून तो आधी तिच्याकडे गेला, घरी नंतर. मी तेव्हा तिच्या खोलीतच होते. तो आत आला, पलंगाच्या कडेशी गुडघ्यांवर बसला, तिचा निर्जीव हात दोन्ही हातांत घेतला आणि बोलू लागला. हळू, चढउतारांच्या, गाण्यासारख्या त्या भाषेत, न अडखळता, न चाचरता. माझ्या अडतीस वर्षांच्या मुलाचा आवाज मी ओळखला नाही. तो आवाज मऊ होता. त्यात लाड होता, थोडी कुरकुर होती, जशी मुलं आजारी आईपाशी करतात. लानचा ओघळलेला चेहरा वर उचलला गेला आणि ती म्हणाली, "कॉन." मग पुन्हा, "कॉन."

"म्हणजे काय?" मी थाओला विचारलं.

"चाइल्ड. मूल," ती म्हणाली. "आम्ही आमच्या मोठ्यांशी बोलताना 'मी' म्हणत नाही, आंटी. 'मूल जेवलं', 'मूल आलं' असं म्हणतो. राहुल आत्ता तेच म्हणतोय. मूल आलंय, मूल आता इथेच आहे."

मी पर्स उचलली आणि कॉफी आणते असं सांगून बाहेर आले. व्हरांड्याच्या टोकाशी मोठी खिडकी होती आणि तिच्यातून वाहनतळावर दुपारचं पिवळं ऊन पडलेलं दिसत होतं. मला मत्सर वाटला. एका अर्धांगाने लुळ्या पडलेल्या, माझ्या मुलाला पाच वर्षं जेवू घातलेल्या बाईचा मला मत्सर वाटला, आणि तो वाटल्याची लाजही लगोलग वाटली, पण लाजेने तो काही कमी झाला नाही.

त्या रात्रीच्या जेवणाला मी वरण-भात केला आणि राहुलने मला एक गोष्ट सांगितली, जी त्याने मला आजवर कधी सांगितली नव्हती. गेली बारा वर्षं तो एका लहानशा गटात काम करत होता. जपानी वीरांचे नवे चित्रपट आले की हा गट त्यांना व्हिएतनामी सबटायटल देतो, हौसेखातर. सायगॉनची एक शाळाशिक्षिका जपानीतून भाषांतर करते, ह्यूस्टनचा एक विद्यार्थी ते तपासतो, आणि राहुल प्रत्येक ओळ पडद्यावर नेमकी कुठल्या क्षणी यावी आणि कुठल्या क्षणी जावी ते बसवतो. हे लोक एकमेकांना कधी भेटलेले नाहीत. पण ती ओळ वाचणारे जगभर पसरलेले आहेत, व्हिएतनाममध्ये, पॅरिसमध्ये, टेक्सासमध्ये. आता चाळिशीत आलेली, पोटापाण्यात बुडालेली माणसं, जी जुना वीर धुळीतून चालत आला की आपापल्या घरी रडतात आणि इंटरनेटवर चित्रपटाखाली तसं लिहूनही टाकतात.

"पण सगळ्यात कठीण काय असतं सांगू, आई?" तो म्हणाला. बोलणं इंग्रजीत चाललं होतं, मधे एखादा मराठी शब्द. "जपानीमध्ये 'मी' आणि 'तू' बरेचदा नसतातच. व्हिएतनामीमध्ये ते नात्याशिवाय येतच नाहीत. दोन वीर पहिल्यांदा भेटतात, तेव्हा कोण कुणाला काय म्हणणार, हे आधी ठरवावं लागतं. मोठा भाऊ? काका? परका? चित्रपटात कुणी सांगत नाही. आम्हाला ठरवावं लागतं."

"मग कसं ठरवता?"

"को लानला विचारतो." को म्हणजे आत्या, मावशी, आईच्या वयाची बाई. "दर रविवारी फोन करतो. तिला सगळी गोष्ट सांगतो, मग ती सांगते की हे दोघं एकमेकांना काय म्हणतील. तासभर तरी जातो."

मी ताटातला भात कालवत राहिले. दर रविवारी. माझ्याशी दहा मिनिटं झाल्यावर.

त्याला माझ्या चेहऱ्यावर काय दिसलं कोण जाणे. तो म्हणाला, "तुला हे सगळं बोअर होईल असं वाटलं." आणि मला आठवलं की तो नऊ वर्षांचा असताना एकदा गाडीत मला एका वीराची लांबलचक गोष्ट सांगत होता आणि मी म्हणाले होते, राहुल, आईचं डोकं दुखतंय, आता नको. मुलं अशी वाक्यं आयुष्यभराची मानतात, हे आपल्याला फार उशिरा कळतं.

नवा चित्रपट अडला होता तो एकाच ओळीवर. तीस वर्षांपूर्वीच्या मालिकेतला निळ्या शिरस्त्राणाचा वीर त्यात परतला होता. तोच नट, आता केस पांढरे, चालताना एक पाय जरा ओढणारा. आणि त्याच्याबरोबर या वर्षीचा तरुण वीर. अख्ख्या चित्रपटात दोघं खांद्याला खांदा लावून लढतात. शेवटी तरुणाच्या जगाकडे जाणारं दार मिटू लागतं, ते पुन्हा उघडणार नसतं, आणि दारात वळून तो म्हाताऱ्याला एकच वाक्य बोलतो. जपानीत त्याला कर्ताच नाही. निघतो, एवढाच अर्थ. सायगॉनच्या बाईंचं म्हणणं, त्याने स्वतःला धाकटा भाऊ म्हणावं, ते सोबत लढले आहेत. ह्यूस्टनच्या मुलाचं म्हणणं, पुतण्या म्हणावं, वयाचा मान आहे. तीन आठवडे वाद चालला, वाट पाहणारे खाली लिहून लिहून थकले, आणि शेवटी सगळ्यांनी ठरवलं की को लान सांगेल ते. त्यांच्यापैकी कुणीही तिला पाहिलेलं नव्हतं. मग तिचे शब्द गेले, आणि ती ओळ तशीच रिकामी राहिली.

रविवारी दुपारी मंदिराच्या तळघरातल्या सभागृहात चित्रपट दाखवायचं ठरलं. लानला पुनर्वसन केंद्रातून दोन तासांची परवानगी मिळाली होती. जेवणं झालेली, लांब टेबलं भिंतीशी सरकवलेली, हवेत रश्श्याचा आणि ओल्या कोटांचा वास. तीसेक माणसं असतील, वूस्टरची, काही थेट डॉर्चेस्टरहून आलेली. नेलपॉलिशच्या दुकानातल्या बायका, एक दंतवैद्य, एक बसचालक, आणि त्यांची पोरं, जी पडद्याकडे न पाहता खुर्च्यांमधून पळत होती. लानची चाकाची खुर्ची पहिल्या रांगेत. तिच्या डाव्या हाताला राहुल, मांडीवर संगणक. आणि राहुलच्या पलीकडे मी.

मला ना जपानी येत होतं ना व्हिएतनामी. तरी मी पाहत राहिले. खरं सांगायचं तर सुरुवातीची पाऊण घटका मला हसूच येत होतं; रबरी राक्षस, पुठ्ठ्याची शहरं, फटाक्यांचे स्फोट. मग धूर निवळला आणि त्यातून तो निळा म्हातारा चालत आला. सभागृहात कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. फक्त तीस माणसांनी एकदम श्वास आत घेतल्याचा आवाज आला. माझ्या शेजारी बसलेल्या बसचालकाने चष्मा काढला आणि तो हातातच धरून ठेवला. तेव्हा मला कळलं की हे लोक वीराला पाहत नव्हते. तो शेवटचा दिसला होता त्या खोलीला ते पाहत होते, त्या दुपारला, त्या खोलीत तेव्हा असलेल्या माणसांना. मी डोळ्यांच्या कोपऱ्यातून राहुलकडे पाहिलं. त्याचे ओठ हलत होते.

शेवटचा प्रसंग आला. दार मिटू लागलं, तरुण वीर वळला, त्याने ते छोटंसं वाक्य उच्चारलं आणि राहुलने चित्रपट थांबवला. पडद्याचा तळ रिकामा होता. पोरंसुद्धा थांबली. राहुल खुर्चीवरून उतरून लानच्या पायांशी बसला आणि तिला त्याने हळूहळू सगळी गोष्ट सांगितली. मला एक शब्द कळत नव्हता, तरी ती विचारायची पद्धत कळत होती, हातवाऱ्यांनी, डोळ्यांनी, जशी ती बारा वर्षं फोनवर विचारली गेली असेल. हा म्हातारा आहे, हा मुलगा आहे. हा आता जाणार. परत येणार नाही. जाताना तो स्वतःला काय म्हणेल?

लान पडद्याकडे पाहत राहिली. मग राहुलकडे. तिचे ओठ जुळायचे आणि सुटायचे. शब्द कुठेतरी आत निघालेला आणि वाटेत हरवलेला स्पष्ट दिसत होता. थाओने पुढे होऊन काहीतरी सुचवायला तोंड उघडलं आणि राहुलने हाताने तिला थांबवलं. मिनिट गेलं असेल, दोन गेली असतील. मग लानचा चांगला, डावा हात वर आला, राहुलच्या केसांवर टेकला, आणि ती म्हणाली, "कॉन."

मूल.

ही शक्यता कुणाच्याच ध्यानात आली नव्हती. म्हातारा काही त्याचा बाप नव्हता. पण मागून कुणीतरी पुटपुटलं, आणि मग दुसरं कुणी, आणि थाओने माझ्या कानाशी येऊन सांगितलं की आमच्याकडे घर सोडताना मुलं आईबापांना असंच म्हणतात, मूल निघतं हं. राहुलने संगणक उचलला आणि ती ओळ लिहिली. त्याने चित्रपट थोडा मागे घेतला, तरुण पुन्हा बोलला, आणि या वेळी त्याच्या पायांखाली ती पिवळी अक्षरं उमटली आणि मिटली. दंतवैद्य बाई उघड रडत होत्या.

परतताना गाडी राहुल चालवत होता. पुलावरून जाताना तळं राखाडी दिसत होतं, काठच्या झाडांचे लाल-केशरी रंग पाण्यात विस्कटलेले.  मग मी विचारलं, "तिने उत्तर दिलं, की तुला हाक मारली?"

"आय डोन्ट नो, आई," तो म्हणाला. "मलाही कळलं नाही." आणि पुढच्या सिग्नलला म्हणाला, "निघण्याआधी सायगॉनच्या बाईंना कळवलं तेव्हा त्या म्हणाल्या, दोन्हींत फरक काय?"

दुसऱ्या दिवशी दुपारचं त्याचं विमान होतं. सकाळी स्वयंपाकघराच्या टेबलाशी, पूर्वेच्या खिडकीतून ऊन सरळ चहाच्या कपांवर पडत असताना, त्याने संगणक उघडला आणि मला तो शेवटचा प्रसंग पुन्हा दाखवला, तळाची ओळ काढून. "मराठीत काय होईल?" त्याने विचारलं.

कुणी मला असा प्रश्न विचारून किती वर्षं झाली असतील. मी चष्मा लावला. "जातो, असं नाही म्हणणार तो," मी म्हणाले. "आपल्याकडे निघताना जातो म्हणत नाहीत. येतो म्हणतात."

"बट ही इज गोइंग."

"हो. तरी येतो."

त्याने रोमन लिपीत 'येतो' लिहिलं. "आणि म्हाताऱ्याला काय म्हणेल? दादा? काका? तू की तुम्ही?"

मी सांगायला लागले आणि थांबले. कारण त्याचं उत्तर मला एका माणसाशिवाय देता येत नव्हतं, आणि त्या माणसाबद्दल मी राहुलला कधी नीट सांगितलं नव्हतं. मग सांगितलं, मराठीत, हळूहळू, तो जिथे अडेल तिथे इंग्रजीचा हात देत. माझा मोठा भाऊ माझ्याहून चौदा वर्षांनी मोठा. वडील गेले तेव्हा मी सहा वर्षांची. पोस्टातल्या नोकरीवर त्याने आईला सांभाळलं, मला डॉक्टर केलं, स्वतःचं लग्न पुढे ढकलत नेलं. त्याला मी भाऊ म्हणायचे आणि तुम्ही म्हणायचे, वडिलांना म्हणावं तसं. अमेरिकेला निघाले त्या दिवशी नागपूरच्या स्टेशनवर गर्दी, सामान, हार, रडारड, गाडीने शिट्टी दिली आणि मी दारातून ओरडले, "भाऊ, मी जाते." तो गाडीबरोबर चालत होता. दांडीवरच्या माझ्या हातावर हात ठेवून म्हणाला, "जाते नाही म्हणायचं वेडे, येते म्हण." गाडीने वेग घेतला. मी म्हटलं, पण ते त्याला ऐकू गेलं की नाही, मला माहीत नाही. तिसऱ्या वर्षी तो गेला. माझे कागदपत्र अडकलेले होते, मी पोचू शकले नाही.

"आणि स्टेशनवर, गाडी सुटताना," मी म्हणाले, "मी म्हणाले, भाऊ, तू काळजी घे. आयुष्यात पहिल्यांदाच तू म्हणाले. का ते मला अजून कळलेलं नाही."

राहुल ऐकत होता. त्याच्या ऐकण्यात घाई नव्हती. उन्हाची तिरीप कपांवरून टेबलाच्या कडेला सरकली होती. "मग तू?" त्याने विचारलं. "मी तू लिहू?"

"अख्ख्या चित्रपटभर तुम्ही लिही," मी म्हणाले. "आणि शेवटी... शेवटी मला नक्की सांगता येत नाही, बाळा. थांब जरा."

त्याने 'येतो'च्या पुढे जागा सोडली आणि संगणक मिटला. मराठी सबटायटल कुणी वाचणार नव्हतं, हे आम्हा दोघांनाही ठाऊक होतं. जपानी वीरांची वाट पाहणारं असं कुणी मराठी माणूस आमच्या तरी माहितीत नव्हतं. लानकडे जाऊन, तिला भेटून तो विमानतळाला निघाला. फाटकाशी त्याने मला मिठी मारली, गाडीत बसला, काच खाली केली आणि म्हणाला, "बाय, आई."

दुरुस्ती माझ्या ओठांपर्यंत आली होती. मी ती आतच ठेवली आणि हात हलवला. रस्त्यावर मेपलची पानं गाडीच्या चाकांमागे थोडी उडाली आणि पुन्हा खाली बसली. घरात येऊन मी कप विसळायला घेतले. पाणी सोडलेलं तसंच राहिलं आणि मी नळासमोर उभी राहून पडद्यावरच्या त्या पोराच्या तोंडी एकेक हाक घालून पाहू लागले. दादा, भाऊ, बाबा, मग काहीच नाही, नुसतं येतो. आणि दर वेळी समोरचा म्हातारा थोडा वेगळा दिसत होता, कधी कमी एकटा, कधी जास्त. पुढच्या रविवारी राहुल विचारील. तोवर एक शब्द निवडायला हवा होता, आणि आयुष्यात प्रथमच मला वाटत होतं की घाई नको.